ओळंबा

भिंतीला पोट सुटलंय, असं गवंडी म्हणतात.
अहवालात मी तसं लिहीत नाही.
लिहितो: मध्यावर फुगवटा, एकशे बारा मिलिमीटर,
कल पूर्वेला, पॅरींच्या खुराड्याच्या बाजूला.

दोरी निवेपर्यंत थांबावं लागतं.
वेल्सच्या या डोंगरावर वारा काही निवत नाही,
म्हणून ओळंब्याचा गोळा मी पाण्याच्या बादलीत सोडतो
आणि वाट बघतो.
तोवर दोन्ही घरांचे पडदे
बोटभर सरकतात.

वरच्या अंगाला मायरवेन प्यू, खाली इदवाल पॅरी.
मधे ही. पाटीच्या दगडाची, बिनचुन्याची,
गडगाच म्हणा, पण पुरुषभर उंच,
तिच्या परड्याची सगळी ओली माती पाठीवर घेऊन
त्याच्या दारात वाकलेली.

सात वर्षांचा कज्जा. फाइल माझ्या मनगटाहून जाड.
लोक वीतभर जमिनीसाठी डोकी फोडतात,
इथे भिंत कुणालाच नकोय.
ती म्हणते, पॅरींची.
तो म्हणतो, प्यूंची, आणि माझी एक कोंबडी गेली.
खरेदीखत गप्प.
नकाशातली रेघ इतकी जाड
की जमिनीवर उतरवली तर
भिंत तिच्यात दोनदा झोपेल.

मार्चमध्ये बादली भरायला
मी मायरवेनच्या स्वयंपाकघरात गेलो.
नळ सोडला. वर पाहिलं.
चौकटीत एक पिवळा कागद, कोपऱ्यात कोर्टाचा शिक्का,
प्यू विरुद्ध पॅरी, एकोणीसशे अडतीस.
इव्होर प्यू, खाणकामगार, शपथेवर सांगतो की
भिंत माझी. दगड मी पाठीवर आणले.
निकाल त्याच्यासारखा.

बादली भरून वाहायला लागली.
तिने नळ बंद केला.
"आजोबा आयुष्यात एवढं एकच जिंकले," ती म्हणाली.
"खाणीने फुप्फुसं घेतली, चॅपलने रविवार.
हा एक कागद राहिला."
मी म्हणालो, मी फक्त भिंत मोजायला आलोय.
"हो," ती म्हणाली, "मग मोजा."

माझ्या नेमणुकीच्या पत्रात तिसरं कलम असं की
तज्ज्ञाचं इमान कोर्टाशी, पक्षकाराशी नव्हे.
दुसरं असं की
मालकीचा प्रश्न त्याच्या कक्षेत नाही.
मी दुसऱ्या कलमात उभा राहिलो,
अंग चोरून.
एकशे एकोणतीस मिलिमीटर.
लिहिलं: केव्हाही कोसळेल.
कुणाची, ते लिहिलं नाही.
त्या रात्री मला झोप लागली, असं म्हणणार नाही.

कार्नार्व्हनच्या कोर्टात तारीख लागली तेव्हा
ती एस्टीसारख्या लाल बसने एकटी आली,
वकिलालाही न सांगता.
भांडी पुसायच्या फडक्यात गुंडाळलेली चौकट
तिने टेबलावर ठेवली, काच वर करून.
न्यायाधीशबाईंनी चष्मा बदलला.
इदवालचा वकील दोनदा उठला, दोनदा बसला.
इदवाल मात्र
कागदाकडे न बघता तिच्या हातांकडे बघत होता.

खर्च सगळा तिच्यावर.
जूनमध्ये भिंत उतरवली. इदवाल
खाली घरंगळलेले दगड एकेक करून वर देत होता.
"माझ्या खुराड्यात अडचण होते म्हणून," तो मला म्हणाला,
मी काही विचारलं नव्हतं.
दोघं एकमेकांशी बोलत नव्हती.
फक्त मोठा दगड आला की तो "हं" म्हणायचा
आणि ती बाजूला व्हायची.

नव्या पायाची रेघ तपासायची होती.
बादली भरायला मी आत गेलो.
खिळा तसाच. खाली चौकटीएवढा चौकोन,
बाकीच्या रंगाहून उजळ.
हात सवयीने खिशातल्या दोरीकडे गेला.
धरून बघितली.
चौकोन ओळंब्यात नव्हता.
ऐंशी वर्षं तो कागद जरासा कलता होता,
इदवालच्या अंगाला.